हप्ता हलका होईपर्यंत

लग्नानंतरची पहिली सहा वर्षं आम्ही शहापुरात भाड्याने राहिलो. एसटी स्टँडच्या मागे एक खोली, तिच्यातच मोरी, आणि संडास खाली अंगणात, तीन बिऱ्हाडांत मिळून एक. मी डोळखांबच्या बाजूला एका उपकेंद्रात नर्स होते, अजूनही आहे. माझे मिस्टर मुरबाडच्या एमआयडीसीत एका कंपनीत मशीन ऑपरेटर. सकाळी मी एसटीने एका दिशेला जायची आणि ते मोटारसायकलवर किन्हवली, सरळगाव करत दुसऱ्या दिशेला. मुलगी झाली ती त्या खोलीत असतानाच. मुरबाडजवळच्या गावाहून सासूबाई आल्या की मिस्टर बाहेर गॅलरीत झोपायचे.

दुसरं मूल दोघांनाही हवं होतं. त्यावर कधी चर्चासुद्धा करावी लागली नाही. मी सहा भावंडांतली, ते चौघांतले. एकटं मूल म्हणजे काय हे आम्हाला माहीतच नव्हतं. पण त्या खोलीत चौथ्या माणसाचं अंथरूण कुठे घालायचं? म्हणून ठरलं, आधी घर, मग मूल.

आसनगावला तेव्हा स्टेशनच्या आसपास नव्या बिल्डिंगी उभ्या राहत होत्या. एका रविवारी आम्ही मुलीला घेऊन बघायला गेलो. एक बेडरूमचा फ्लॅट आमच्या आवाक्यात होता. दोन बेडरूमचा तीन-साडेतीन लाखांनी महाग. बिल्डरच्या माणसाने दोन्ही दाखवले. मोठ्या फ्लॅटच्या दुसऱ्या बेडरूममध्ये मिस्टर खिडकीशी जाऊन उभे राहिले. खिडकीतून माहुलीचा डोंगर दिसत होता. ते वळून म्हणाले, "ही मुलांची."

मुलांची म्हणाले, मुलीची नाही. मोठा फ्लॅट घ्यायचा हे माझ्या मनाने तिथेच ठरवलं.

साठवलेले पैसे, माझे थोडे दागिने आणि नणंदेकडून उसने घेतलेले मिळून सुरुवातीची रक्कम उभी राहिली. उरलेल्या बारा लाखांचं कर्ज. बिल्डरच्या ऑफिसातच कर्ज करून देणारा एक माणूस टेबल टाकून बसलेला असायचा. इस्त्रीचा शर्ट, गोड बोलणं. त्याने आमच्या दोघांच्या पगाराच्या स्लिपा बघितल्या, कॅल्क्युलेटरवर बोटं चालवली आणि म्हणाला, "साडेदहा हजार हप्ता येतोय, साहेब. वीस वर्षं. झेपेल ना?"

मिस्टरांनी माझ्याकडे बघितलं. मी मनात किराणा, दूध, मुलीची बालवाडी, गावाला पाठवायचे पैसे असं सगळं मांडून बघितलं. म्हटलं, "झेपेल."

"व्याज किती आहे?" मिस्टरांनी विचारलं.

"पावणेनऊ. फ्लोटिंग."

"फ्लोटिंग म्हणजे?"

"म्हणजे बाजारात दर उतरला की तुमचाही उतरणार. तुमचा फायदाच आहे."

त्याने खोटं सांगितलं नाही. अर्धंच सांगितलं. आणि उरलेलं अर्धं आम्ही विचारलं नाही. आम्हाला दोघांना महिन्याचा हिशेब येत होता, कारण आमचं आयुष्यच महिन्याच्या हिशेबाचं होतं. साडेदहा हजारांना वीस वर्षांनी गुणून बघावं, असं तिघांपैकी कुणाच्याच मनात आलं नाही. त्याच्या आलं असेल कदाचित.

वास्तुशांतीला सासूबाई आल्या. तीन जिने चढून वर येईपर्यंत त्यांना धाप लागली होती. सगळं घर फिरून झालं, मग दुसऱ्या खोलीत फरशीवर पाय पसरून बसल्या आणि मला म्हणाल्या, "घर झाला, चांगला झाला. आता पोरीला भाव नाय तर बहीन आना. उशीर नका करू."

"आणतो ना, आई. जरा हप्ता हलका होऊ दे."

"हप्त्याचा काय? चोच देतो तो चारा पन देतो गो."

मी हसले. उपकेंद्रात मी बायकांना रोज नेमकं उलटं सांगायची. दोन मुलांत अंतर ठेवा, आपली ऐपत बघा, घाई करू नका. ते सांगणं बरोबरच होतं, आजही मी तेच सांगते. पण त्या दिवशी सासूबाईंपुढे ते मला फार सोयीचं वाटलं.

पहिलं वर्ष ओढाताणीचं गेलं. हप्त्याबरोबर ज्या गोष्टी येतात त्या कुणी हिशेबात धरलेल्या नव्हत्या. मेंटेनन्स होता, सोसायटीच्या पाण्याच्या मोटारीची वर्गणी होती. उन्हाळ्यात टँकर. जवळच्या तानसा धरणाचं पाणी मुंबईला जातं आणि आमच्या बिल्डिंगला टँकर लागतो, यात आमच्याकडे कुणाला नवल वाटत नाही, पण पैसे मात्र महिन्याच्या महिन्याला जात होते. घरासाठी उसने घेतलेले नणंदेचे पैसे फेडायचे होते. म्हणून म्हटलं, यंदा नको. जरा हलकं झालं की.

हे "जरा हलकं झालं की" आमच्या घरात रुळलंच. दिवाळीत सोफा घ्यायचा विषय निघाला तरी तेच, सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन निघालं तरी तेच. दुसऱ्या मुलाचा विषय मात्र आम्ही नाव न घेता बोलायचो. "पुढच्या वर्षी बघू," मिस्टर म्हणायचे, आणि काय बघायचं ते मला कळायचं.

मुलगी शाळेत जायला लागली तेव्हा तिने एकदा खडूने दुसऱ्या खोलीच्या फरशीवर मधोमध रेघ मारली. खिडकीकडची बाजू तिची, दाराकडची बाळाची. स्वतःची खेळणी ती आपल्या बाजूला मांडायची. चुकून बाहुली पलीकडे गेली तर उचलून आणायची. शेजारची बाई हे बघून हसत हसत मला म्हणाली, "बघा, तयारी झालीये." मी फरशी पुसताना दोन-तीन वेळा त्या रेघेवरून फडका बाजूने फिरवला. मग एक दिवस पुसून टाकली. मुलीने काही विचारलं नाही.

तिसऱ्या वर्षापासून व्याजाचे दर वाढायला लागले. मिस्टरांच्या मोबाइलवर इंग्रजीत मेसेज यायचे. त्यांनी एकदा मला दाखवला. दर बदलला आहे, एवढं आम्हाला कळलं. आम्ही दोघं पुढच्या महिन्याची वाट बघत धास्तावून बसलो. खात्यातून साडेदहा हजारच गेले.

"हप्ता नाही वाढला," मिस्टर म्हणाले. त्यांचा चेहरा इतका मोकळा झाला होता, की मी त्या दिवशी शिरा केला.

पुढे असे मेसेज आले की आम्ही फक्त हप्त्याचा आकडा बघायचो. तो तोच असायचा. मग मेसेज उघडणंही बंद झालं.

एका वर्षी मिस्टरांच्या कंपनीत युनियनचा करार झाला आणि मागच्या फरकाचे बरेच पैसे एकदम हातात आले. मला आठवतंय, आम्ही किती आनंदाने खर्च केले. मुलांच्या खोलीला रंग दिला आणि भिंतभर कपाट करून घेतलं. खालचे कप्पे मुद्दाम बुटके ठेवले, लहान मुलाचा हात पुरेल असे. तेच पैसे कर्जात भरता आले असते, आणि तेव्हा भरले असते तर पुढची कितीतरी वर्षं कमी झाली असती, हे आम्हाला सांगायला कुणी आलं नाही. आम्हाला वाटायचं, हप्ता वेळेवर भरतोय म्हणजे कर्ज फिटतंय. मिस्टर तर रविवारीही ओव्हरटाइमला जायचे. महिन्याच्या सात तारखेला पैसे कापल्याचा मेसेज आला की दोघांना बरं वाटायचं. आणखी एक पायरी चढलो, असं.

मी तेव्हा डोळखांबपलीकडच्या पाड्यांवर लसीकरणाला जायची. अंगणवाडीच्या ओसरीवर बसायचं, बाया पोरं घेऊन यायच्या. एक बाई दरवर्षी वीटभट्टीवरून परत आली की न विसरता पोरांना डोस द्यायला आणायची. तीन पोरं तिची. धाकट्याला इंजेक्शन दिल्यावर तो रडत माझ्याच पदराला धरून राहिला, सोडेना. मीही सोडवलं नाही. ती बघत होती. म्हणाली, "ताय, तुला एकच पोर?"

"हो. मुलगी."

"दुसरा नाय झाला का नाय ठेवला?"

पाड्यावरच्या बायका असं सरळ विचारतात, त्यात त्यांना काही वावगं वाटत नाही. मी म्हटलं, "घराचं कर्ज आहे. ते जरा हलकं झालं की."

तिने मान डोलावली. मालकाकडून उचल घेऊन भट्टीवर जाणारी बाई ती, कर्ज म्हणजे काय हे तिला समजावून सांगायची गरज नव्हती. "मंग लवकर फेडा," एवढंच म्हणाली आणि पोराला कडेवर घेऊन गेली.

त्या वर्षी माझं सदतिसावं संपत आलं होतं. पाळी पुढेमागे व्हायला लागली होती. मी नर्स आहे, मला कुणी सांगायची गरज नव्हती. घरी आल्यावर मिस्टरांना म्हटलं, "आता नाही तर कधीच नाही."

ते म्हणाले, "बँकेत जाऊन विचारू या, किती राहिलंय. नऊ वर्षं झाली. अर्धं तरी फिटलं असेल. अर्धं फिटलं असेल तर मी रविवारची ड्यूटी सोडतो."

बँकेत जायचं कारण इतकं साधं होतं. मूल होऊ द्यावं की नाही, हे विचारायला आम्ही दोघं शहापुरातल्या शाखेत गेलो. मी रजा टाकली होती. मिस्टरांनी दाढी केली होती.

कर्जाच्या टेबलावर एक तरुण मुलगी होती, आमच्यापेक्षा बरीच लहान. तिने खातं उघडलं आणि थोडा वेळ स्क्रीनकडे बघत राहिली.

"काका, तुमचे अकरा लाख एकोणपन्नास हजार बाकी आहेत."

"भरलेत ना?" मिस्टरांनी विचारलं.

"नाही, बाकी आहेत. भरलेत साधारण साडेअकरा लाख."

मिस्टर हसले. त्यांना वाटलं, तिने उलटं वाचलं. "बारा लाख घेतले होते, मॅडम. साडेअकरा भरले. मग राहिला अर्धा लाख."

तिने स्क्रीन आमच्याकडे वळवली. आवाज हळू करून ती समजावून सांगायला लागली. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला बहुतेक भाग व्याजातच जातो, मुद्दल अगदी थोडं फिटतं. त्यात दर वाढत गेला. हप्ता तेवढाच ठेवला गेला, म्हणून मुदत वाढली. काही महिने तर असे होते, की साडेदहा हजारांतले शंभर-दोनशेच मुद्दलात गेले.

"मुदत वाढली म्हणजे किती?" मी विचारलं.

"आजच्या दराने अजून बावीस वर्षं."

"वीस वर्षांचं होतं ना?"

"हो, मॅडम. तेव्हा वीसचं होतं."

मिस्टरांनी बोटांवर काहीतरी मोजलं. "मी त्रेसष्टचा होईन," ते म्हणाले. "आमच्या कंपनीत अठ्ठावन्नला घरी पाठवतात."

त्या मुलीला वाईट वाटलं असावं. तिने पाणी मागवलं. मग सांगितलं, की नवीन कर्जदारांना आता कमी दर लागतो, थोडी फी भरून अर्ज केला तर तुम्हालाही तो मिळेल. हप्ता वाढवून घ्या, जमेल तेव्हा मुद्दलात भरा, वर्षं भराभर कमी होतील.

"हे आधी करता आलं असतं?" मी विचारलं.

"आलं असतं," ती म्हणाली. "अर्ज करावा लागतो. आपोआप होत नाही."

बाहेर येऊन मिस्टरांनी मोटारसायकल काढली पण सुरू केली नाही. तसेच हँडल धरून उभे राहिले. मला म्हणाले, "आपण कशाची वाट बघत होतो गं?"

नऊ वर्षं आम्ही एक गोष्ट हलकी व्हायची वाट बघितली, आणि ती हलकी होतच नव्हती. पहिल्याच वर्षी मूल झालं असतं तरी कर्ज तेवढंच राहिलं असतं. तेव्हाही आम्ही कसेबसे हप्ते भरले असते, जसे भरले तसेच. ते मूल त्या दिवशी आठ वर्षांचं असतं.

आम्ही मग कर्जाचं काहीच न बघता प्रयत्न केला. मला दिवस गेले. मुलीला सांगितलं नाही, फक्त सासूबाईंना सांगितलं. त्या फोनवर इतक्या मोठ्याने हसल्या, की मला फोन कानापासून लांब धरावा लागला. तिसऱ्या महिन्यात, उपकेंद्रात एका बाईची तपासणी करत असताना माझ्या पोटात कळ आली. तिलाच मी हात धरून बसवायला सांगितलं. मूल राहिलं नाही. कल्याणच्या डॉक्टरीणबाईंनी नंतर सगळे रिपोर्ट बघितले आणि नीट शब्दांत सांगितलं, की पुन्हा प्रयत्न करता येईल पण या वयात खात्री नाही. आम्ही आणखी दोन वर्षं प्रयत्न केला. काही झालं नाही. त्यानंतर आम्ही तो विषय काढला नाही, आणि "जरा हलकं झालं की" हे शब्दही घरातून गेले. कुणी ठरवून नाही.

कर्जाचं मात्र मिस्टरांनी हातात घेतलं. राग होता त्यांच्या मनात, तो त्यांनी तिथे काढला. दर कमी करून घेतला. माझ्या पीएफमधून आणि उरलेल्या सोन्यातून दोन लाख एकदम मुद्दलात भरले. हप्ता चौदा हजारांवर नेला. दर सहा महिन्यांनी शाखेत जाऊन बाकी किती ते विचारायचे आणि घरी आल्यावर बूट काढायच्या आधी मला आकडा सांगायचे. बँकेतल्या त्या मुलीची बदली झाली, दुसरे आले, त्यांनाही मिस्टर तसंच विचारत राहिले. बावीस वर्षांची आठ झाली. याच माणसाने याच पगारात हे पहिल्यापासून केलं असतं, फक्त कुणी सांगायला हवं होतं. मी असं म्हटलं की ते म्हणतात, "सांगितलं असतं तर ऐकलं असतं का, ते पण बघ." ते मला माहीत नाही.

सासूबाई कर्ज फिटण्याआधी गेल्या. त्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन राहूनच गेलं. गावच्या घराच्या उंबऱ्याबाहेर त्या शेवटची काही वर्षं आल्याच नाहीत. आमचे तीन जिने तर लांबच.

शेवटचा हप्ता भरला त्याला आता वर्ष होऊन गेलं. घराचे मूळ कागद परत मिळाले, त्या दिवशी शाखेत पेढे न्यावेत का, यावर आमचं थोडं बोलणं झालं. नेले नाहीत. स्टँडजवळ मिसळ खाल्ली. मिस्टरांनी तिथेच रुमालावर कागदांची पिशवी ठेवून सगळ्याची एकदा बेरीज करून सांगितली. घेतले बारा लाख, भरले सत्तावीसच्या आसपास. मी म्हटलं, "आता नको ते." त्यांनी पाव मोडला आणि म्हणाले, "तेवढंच असतं तर काही वाटलं नसतं."

मुलगी आता नवी मुंबईत नोकरी करते. येत्या वर्षी तिचं लग्न आहे, मुलगा तिनेच बघितलाय, चांगला आहे. मागच्या महिन्यात दोघं पनवेलकडे एक फ्लॅट बघून आली आणि ती रविवारी घरी आली. मोबाइलवर मला फोटो दाखवत होती. स्विमिंग पूल, बाग, उंच इमारत.

"हप्ता बसतोय गं आई, आमच्या दोघांच्या पगारात."

"किती वर्षं?"

"तीस. म्हणजे हप्ता कमी बसतो ना."

मी गॅस बंद केला आणि तिच्यासमोर बसले. तिला सगळं सांगितलं. व्याजाचं तर सांगितलंच, पण तिने ते आधी बापाकडून ऐकलं होतं. मी तिला दुसरं सांगितलं. घर दोन बेडरूमचं का घेतलं, मग काय थांबवलं, उपकेंद्रातला तो दिवस. मी हे तिच्याशी कधीच बोलले नव्हते. ती मोबाइल उलटा ठेवून ऐकत होती.

"म्हणजे मी एकटी राहिले ती या घरामुळे?"

"नुसतं घरामुळे असं नाही. आम्हाला कळलं नाही म्हणून."

"मला वाटायचं, तुम्हाला नको होतं," ती म्हणाली. "लहानपणी मला वाटायचं, मी फार त्रास देते म्हणून तुम्हाला दुसरं नको."

हे मला ठाऊक नव्हतं. इतक्या वर्षांत तिने कधी दाखवलं नाही, आणि आम्हीही कधी विचारलं नाही. बाहेरच्या खोलीत टीव्ही चालू होता, तो बंद झाला. मिस्टर दारात येऊन उभे राहिले. त्यांनी किती ऐकलं होतं मला माहीत नाही. मुलीकडे बघून म्हणाले, "असं काही नव्हतं गं, बाळा."

ती उठून त्यांच्याजवळ गेली. दोघंही रडले नाहीत, आमच्यात तशी रीत नाही. तिथूनच तिने मला विचारलं, "मग आम्ही काय करू? घेऊ की नको?"

मी म्हटलं, "घर घे. पण एकूण किती जाणार ते आधी विचार, आणि दर वाढला तर हप्ता वाढणार की वर्षं वाढणार, तेही विचार. आणि त्या घरात जे करायचं ठरवलं असेल, ते घरासाठी थांबवू नकोस."

त्या दोघांनी अजून फ्लॅटचे पैसे भरलेले नाहीत. लहान फ्लॅटही बघतायत असं कळलं. मी विचारत नाही. परवा तिचा फोन आला होता, पण तो आमच्याबद्दल होता. बाबा रविवारी काय करतात, असं विचारत होती. मी सांगितलं, काही नाही, नुसते बसतात. कर्ज फिटल्यावर रविवारची ड्यूटी सुटली, पण घरी बसायची सवय त्यांना अजून व्हायची आहे.